तिन्ही काळ ‘आहेत’ मानणारा काल्पनिक पंथ वादसभेत कसा टिकवावा?

सांजतारा:
दोन अंकी नाटकासाठी एक काल्पनिक पंथ रचते आहे. मुलूख गांधारचा, काळ साधारण पाचव्या शतकाच्या आगेमागे. पंथाचं म्हणणं असं की गेलेलं, चाललेलं आणि येणारं तिन्ही सारखंच खरं. काही नाहीसं होत नाही. दुसऱ्या अंकात वादसभा आहे आणि तिथेच अडलं आहे. सगळंच जर आहे, तर ‘आत्ता’मध्ये वेगळं काय? आणि त्यांचा क्षण केवढा धरू? प्रतिपक्षाला खरोखर घाम फुटेल अशी मांडणी हवी.

कोशवाचक:
असा पंथ त्याच मुलखात होऊन गेला आहे: सर्वास्तिवादी बौद्ध. वसुबंधू या बौद्ध आचार्याच्या ‘अभिधर्मकोश’ या ग्रंथात, पाचव्या प्रकरणात, तुमच्याच प्रश्नावर चार आचार्यांची चार उत्तरं दिली आहेत. धर्मत्रात म्हणतो भाव, म्हणजे असण्याची तऱ्हा बदलते, द्रव्य तेच. घोषक म्हणतो लक्षण बदलतं. बुद्धदेव म्हणतो आधी-नंतरची अपेक्षा बदलते, एकच बाई कुणाची आई आणि कुणाची मुलगी असते तशी. पहिल्यावर ‘हा तर सांख्यांचा परिणामवाद’ (मूळ द्रव्य तेच, रूपं पालटतात हे मत) असा ठपका येतो, उरलेल्या दोघांत काळांची सरमिसळ होते.

काश्मीरच्या वैभाषिकांनी, म्हणजे सर्वास्तिवाद्यांच्याच एका शाखेनं, उचललं ते वसुमित्राचं उत्तर, आणि नाटकाला तेच घ्या. हिशेबाची गोटी एकंच्या घरात ठेवली की एक, शतंच्या घरात शंभर, सहस्रच्या घरात हजार. गोटी तीच, घर बदललं. हे घर ठरतं ‘कारित्रा’वरून, म्हणजे धर्माच्या (त्यांच्या भाषेत अस्तित्वाच्या मूळ घटकाच्या) कामावरून. काम अजून सुरू व्हायचंय तो अनागत, चालू आहे तो वर्तमान, आटोपलं तो अतीत. रंगमंचावर पाट आणि गोट्या ठेवल्यात तर प्रेक्षकाला व्याख्यान द्यावं लागणार नाही.

एक दुरुस्ती मात्र कराच. ‘काही नाहीसं होत नाही’ हे वाक्य त्यांच्या तोंडी घालू नका. काम एका क्षणातच संपतं हे त्यांना पूर्ण मान्य आहे. टिकतो तो स्वभाव, म्हणजे धर्माचं मूळ स्वरूप. शिवाय त्यांच्या 75 धर्मांपैकी आकाश आणि दोन निरोध (थांबणं) हे तीन असंस्कृत, म्हणजे कारणांतून न घडलेले, ते काळात मोडतच नाहीत. वाट चालतात ते उरलेले 72. काळाला त्यांचा शब्दही ‘अध्वन्’ म्हणजे वाट. वैशेषिकांसारखं ‘काल’ नावाचं वेगळं द्रव्य ते मानत नाहीत.

घटिका_पळे:
क्षणाचं माप अभिधर्मकोशातच आहे. 120 क्षणांचा तत्क्षण, 60 तत्क्षणांचा लव, 30 लवांचा मुहूर्त, 30 मुहूर्तांचं अहोरात्र. गुणाकार केला की दिवसाला 64,80,000 क्षण येतात, म्हणजे सेकंदाला 75. मुहूर्त 48 मिनिटांचा, लव 96 सेकंदांचा, तत्क्षण 1.6 सेकंदांचा. धडधाकट माणसाच्या एका चुटकीत 65 क्षण जातात असंही तिथे म्हटलं आहे, म्हणजे पाऊण सेकंदाहून थोडं जास्त. नटाला चुटकी वाजवायला लावा, आकडा आपोआप पोचेल. चूक होते ती ज्योतिषाची मापं मिसळल्यानं. सूर्यसिद्धान्ताचा प्राण 4 सेकंदांचा. तो या कोष्टकात कुठेच बसत नाही.

सांजतारा:
गोटीचा दृष्टान्त फारच उपयोगी. पण प्रतिपक्षी घाव नेमका कुठे घालेल?

कोशवाचक:
कारित्रावरच. वसुबंधू विचारतो: धर्म जर सदाच आहे, तर त्याचं काम सदा का चालत नाही? अडवतं कोण? सामग्री जुळली नाही म्हणाल, तर सामग्रीही तुमच्या मते सदाच आहे. आणि कारित्र स्वतः अतीत-अनागत होतं की नाही? होत असेल तर त्याला दुसरं कारित्र लागेल, मग तिसरं.

दुसरा घाव सोपा आणि नाट्यमय: अंधारातला डोळा पाहत नाही, मग तो वर्तमान नाही का? यावर वैभाषिकांची बाजू मांडणाऱ्या संघभद्राचं उत्तर पंथप्रमुखाला द्या. पाहणं हे डोळ्याचं सामर्थ्य. कारित्र म्हणजे आपलं पुढचं फळ ओढून आणणं. अंधारातला डोळाही पुढच्या क्षणाचा डोळा ओढतोच, म्हणून तो वर्तमान.

पंथाची बाजू दुबळी ठेवू नका. त्यांचा सगळ्यात जड सवाल कर्माचा आहे: केलेलं कर्म गेल्यावर उरलंच नाही, तर फळ कशातून येतं? सौत्रांतिक, म्हणजे फक्त वर्तमानच खरा मानणारा प्रतिपक्षी बौद्ध, ‘बीज’ आणि ‘संतान’ (प्रवाह) सांगून सुटू पाहतो: कर्मानं चित्ताच्या प्रवाहात पालट होतो आणि फळ त्या पालटातून येतं. तिथे पंथप्रमुखानं हातातली गोटी उचलून विचारावं, ‘बीज चित्ताहून वेगळं की चित्तच?’ पडदा तिथेच पाडा.