कोर्टाच्या लिलावात घेतलेल्या फ्लॅटचा ताबा मिळत नाहीये, मदत हवी आहे (कळवा, ठाणे)

कळवेकर (बुधवार)

नमस्कार मंडळी. जरा लांबण लागेल, सांभाळून घ्या.

खारेगावात वन बीएचके घेतला, ठाणे कोर्टाच्या लिलावात. मूळ मालकाविरुद्ध पैशाचा हुकूमनामा (पैसे देण्याचा कोर्टाचा निकाल) होता, दरखास्तीत (त्या निकालाच्या वसुलीच्या कारवाईत) फ्लॅट जप्त झाला आणि विकला गेला. २५ टक्के जागेवर भरायचे, उरलेले १५ दिवसांत. एवढ्या घाईत गृहकर्ज कोण देणार? बायकोचे दागिने गहाण टाकले, सासऱ्यांची एफडी मोडली. मार्च २०२५ ला लिलाव, जूनमध्ये कोर्टाकडून विक्री कायम, विक्रीचं सर्टिफिकेट हातात पडायला नोव्हेंबर उजाडला. डिसेंबरात ताब्यासाठी अर्ज दिला, यथावकाश कब्जा वॉरंट (ताबा देण्याचा कोर्टाचा हुकूम) निघालं.

परवाच्या मागच्या नव्हे, त्याच्याही आधीच्या सोमवारी बेलिफांना (हुकूम बजावणारे कोर्टाचे कर्मचारी) कोर्ट नाक्यावरून रिक्षाने घेऊन गेलो. दाराबाहेर चपलांचे चार जोड बघूनच पोटात गोळा आला. सेफ्टी डोअर न उघडता एका बाईंनी आतून कागद धरला, लिव्ह अँड लायसन्सचा. "आम्ही भाडं भरतो, आम्हाला कोणी काही सांगितलं नाही." मागे एक म्हातारी जपमाळ घेऊन बसलेली. बेलिफांनी जाळीतून वॉरंट वाचून दाखवलं. पंच म्हणून शेजाऱ्यांना विनंती केली तर म्हणाले, चहा घ्या, सही मागू नका. शेवटी "अडथळा केला, कब्जा देता आला नाही" असा अहवाल लिहून बेलिफ परत.

आता माझे वकील म्हणतात, थांबा, दुसरं वॉरंट काढू. दुसरे एक ओळखीचे वकील म्हणतात, भाडेकरूंवर वेगळा दावा लावा. मेव्हणा म्हणतो, चार माणसं घेऊन जाऊ. नक्की काय करू? मेंटेनन्सची बिलं सोसायटी माझ्याच नावाने पाठवतेय, हे वेगळंच.

पाचपाखाडीची वकील

मेव्हण्याला आधी घरी बसवा. स्वतः कुलूप तोडलंत तर फिर्याद तुमच्यावर होईल, आणि आत राहणाऱ्यांना दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर २१ रूल ९९ खाली ताबा परत मागायची सोय आहे.

वेगळा दावा अजिबात नको. रूल १०१ प्रमाणे अडथळा करणाऱ्याचा हक्क काय, हे दरखास्त चालवणारं कोर्टच ठरवतं. तुम्ही रूल ९७ खाली अडथळा दूर करण्याचा अर्ज द्या. मुदत कायद्यात त्याला ३० दिवस दिलेत, अडथळ्याच्या तारखेपासून. दुसऱ्या वॉरंटची वाट बघत हे ३० दिवस घालवू नका. किती झाले?

कळवेकर

आज सोळावा. हे मला कोणी सांगितलंच नव्हतं. ताब्याचा अर्ज सर्टिफिकेटपासून वर्षात द्यायचा एवढंच ऐकलं होतं.

पाचपाखाडीची वकील

तेही चूक. वर्ष विक्री कायम झाल्यापासून मोजतात, सर्टिफिकेट उशिरा मिळालं तरी. तुम्ही डिसेंबरात अर्ज दिलात म्हणून वाचलात.

जुना नाझर

कोर्टात तीस वर्षं काढली म्हणून एकच विचारतो. जप्ती आधी की त्यांचा करार आधी?

जप्तीनंतर मालकाने घरात कोणाला बसवलं असेल तर रूल ९५ प्रमाणे त्याला उठवून प्रत्यक्ष ताबा देता येतो. पण ते कायदेशीर भाडेकरू ठरले तर रूल ९६ लागेल. म्हणजे दाराला सर्टिफिकेटची नक्कल चिकटवायची, दवंडी पिटायची, आणि झाला तुमचा ताबा! माणसं आतच. असा कागदी ताबा घेऊन खूश झालेले बरेच पाहिलेत. वॉरंट कोणत्या रूलखाली निघालंय ते आज बघा.

पाचपाखाडीची वकील

+१. आणि लायसन्स म्हणजे नुसती राहण्याची परवानगी, भाडेपट्टा नव्हे. जागा विकली गेली की नवा मालक जुन्या लायसन्सला बांधील राहत नाही, सुखाधिकार कायद्याचं कलम ५९. करार रजिस्टर आहे का, इंडेक्स टू (रजिस्टर दस्ताचा उतारा) काढून बघा.

कळवेकर (गुरुवार)

काकांचे आणि ताईंचे आभार. वॉरंट रूल ९५ चंच आहे. रोजनामा (कोर्टाच्या कामकाजाची तारीखवार नोंद) चाळला, जप्ती ऑगस्ट २०२१ ची. ऑनलाइन शोधलं तर सगळ्यात जुना रजिस्टर करार २०२२ चा, पुढे दर अकरा महिन्यांनी नवा. मात्र त्या बाई दारात "२०१९ पासून राहतोय", म्हणजे जप्तीच्या आधीपासून, असं म्हणाल्या होत्या, ते वकिलांना सांगितलं. त्यांनी जरा तोंड वाकडं केलं, पण अर्ज लिहायला घेतलाय.

खरं सांगायचं तर त्या बाईंचाही राग येत नाही. डिपॉझिट त्यांचंही अडकलंय, मूळ मालक फोन उचलत नाही म्हणे.

जुना नाझर

लिहायला घेतलाय ठीक, पण बेलिफाच्या अहवालाची सहीशिक्क्याची नक्कल जोडलीय ना?

कळवेकर

आत्ताच नक्कल शाखेत अर्ज देऊन आलो. म्हणाले, सोमवारी या. सोमवारी एकवीस दिवस होतील.