लोकलमधले ग्रुप : माया की मक्तेदारी?

बदलापूरकर
हल्ली लोकलमध्ये रोज एकाच डब्यातून जाणाऱ्यांच्या ग्रुपना सरसकट नावं ठेवली जातात, म्हणून लिहितोय. टाळ-मृदंग घेऊन निघालेली भजनी मंडळं, दसऱ्याला तोरण बांधून केलेली डब्याची पूजा, कुणाच्या मुलीच्या लग्नाचे पेढे. ‘काल का नव्हतास?’ असं घराबाहेर मला विचारणारी एवढीच माणसं. वडील गेले तेव्हा नातेवाइकांच्या आधी ग्रुपमधले चौघे दारात उभे होते. ग्रुप टिकलेच पाहिजेत.

दिव्याची प्रवासी
आत बसलेल्यांना हे छानच वाटणार. मी दिवा स्टेशनला चढते. दारातल्या बायका हलत नाहीत, आत बाकावर रुमाल टाकलेला. विचारलं तर ‘आमच्या मैत्रिणी येतायत.’ पास मीही काढलाय ना? ९ जून २०२५ला मुंब्र्याजवळ दारात लटकलेली माणसं खाली पडली, जीव गेले. आत सरकायला जागा असताना दार अडवणं मला त्यानंतर अजिबात सहन होत नाही.

विरार लेडीज
दारातल्या दादागिरीबद्दल पूर्ण सहमत. पण लेडीज डब्यातलं एक सांगते. ‘कुठे उतरणार?’ विचारायचं, ती ‘अंधेरी’ म्हणाली की ती जागा तुमची. मग तिसरी येऊन तुम्हाला विचारते. नाव-गाव काही माहीत नसतं, तरी शब्द बहुतेक वेळा पाळला जातो. पश्चिम रेल्वेवर १९९२ पासून लेडीज स्पेशल धावतेय. तिच्यात मटार सोलता सोलता डोहाळजेवणं झालीत.

दिव्याची प्रवासी
तेच म्हणतेय मी! तिघींच्या बाकावर सरकून चौथीला टेकू देतात, ती कोण, कुठली हे कुणी विचारत नाही. ग्रुपची जागा मात्र ओळखीच्याच बाईला. या दोन गोष्टी एका माळेत ओवू नका. शहरातली माणुसकी म्हणायची तर मी चौथ्या सीटला म्हणेन.

बदलापूरकर
इतकी फारकत मला पटत नाही. आमच्यातले दोघं चौथ्या सीटवरूनच ग्रुपमध्ये आले. रोज सरकून जागा दिली की बोलणं होतंच, आणि त्यातूनच ग्रुप होतो. रुमालाचं समर्थन मी करणार नाही, तो बंदच व्हावा.

दिव्याची प्रवासी
मग हे इथे नको, उद्या डब्यात सांगा. रुमाल उचला आणि दिवा यायच्या आधी दारातून आत सरका. तेवढं केलंत तर तुमच्या भजनाशी माझं काही भांडण नाही.