‘नाका २४१२’ आणि अहवाल, टिपण, निवेदन

शब्दवेडी : विमानाच्या पंखांवरच्या जुन्या अमेरिकी सरकारी अहवालांबद्दल शाळकरी मुलांसाठी लेख लिहितेय. १९१५ साली तिथे एक विमानविद्या समिती नेमली, १९५८ साली तिचीच नासा झाली. मधल्या काळात समितीनं ढिगानं संशोधन छापलं, पण त्यात ‘रिपोर्ट’, ‘टेक्निकल नोट’, ‘टेक्निकल मेमोरँडम’ असे वेगवेगळे प्रकार आहेत. मी सरसकट ‘अहवाल’ लिहीत सुटले आणि आता खटकतंय. मेमोरँडमला ‘ज्ञापन’ आणि ‘निवेदन’ असे दोन शब्द सापडले. आणि समितीच्या आद्याक्षरांवरून पंखाच्या आकाराला ‘नाका २४१२’ लिहिलं तर चालेल?

बोरूबहाद्दर : नाका २४१२ वाचून खिशात सुट्टे पैसे चाचपले! तिथली माणसं ‘एन-ए-सी-ए’ अशी चारही अक्षरं सुटी म्हणत. सलग शब्द झाला तो नासाचा. तेव्हा ‘एनएसीए २४१२’ लिहा.

निवेदन तर मुळीच नको. निवेदन तहसीलदाराला देतात, फोटो काढून. ज्ञापन राहू दे फायलीत. आधी आत काय आहे ते बघा. मेमोरँडमच्या मालिकेत बहुतेक परदेशी लेखांची, त्यातही जर्मन लेखांची, इंग्रजी भाषांतरं असत. मग ‘भाषांतरित लेख’ म्हणायला काय हरकत आहे? नोट म्हणजे ‘टिपण’. छोट्या विषयावरचं किंवा काम पुरतं संपायच्या आत छापलेलं. ‘टीप’ नको, ती पानाच्या तळाशी असते नाहीतर पोलिसांना मिळते. ‘अहवाल’ हा शब्द फक्त पक्क्या, मानाच्या मालिकेला ठेवा.

शब्दवेडी : पण अहवाल म्हटलं की मला सोसायटीची वार्षिक सभा आठवते. वाचला, मंजूर, चहा.

बोरूबहाद्दर : तो दोष सभेचा. अहवाल हे अरबीतल्या ‘हाल’चं अनेकवचन. १९३३ चा ४६० क्रमांकाचा अहवाल घ्या : एकाच घराण्यातले ७८ पंखछेद, प्रत्येक किती उचलतो, किती मागे ओढतो, सगळे आकडे आणि आलेख. अठ्ठ्याहत्तर जणांचे हालहवालच की!

ओझरकर : विमान कारखान्यात हयात गेली, ‘पंखछेद’ कुणाच्या तोंडी ऐकला नाही. आम्ही एअरफॉइलच म्हणायचो. पण मुलांसाठी चांगला आहे, पंख आडवा कापल्यावर दिसणारा आकार लगेच डोळ्यांसमोर येतो. ‘कॉर्ड’ला मात्र नवा शब्द पाडू नका. भूमितीतली ‘जीवा’ मुलांना माहीत आहे. पंखाच्या पुढच्या कडेपासून मागच्या कडेपर्यंतची सरळ रेषा ती जीवा. मग २४१२ सहज उलगडतो : कमाल बाक, म्हणजे जाडीच्या मधोमध जाणारी रेषा जीवेपासून जास्तीत जास्त जितकी वर उठते ते अंतर, जीवेच्या २ टक्के, तो पुढून ४० टक्के अंतरावर, आणि जाडी १२ टक्के. जीवा दीड मीटर असेल तर बाक ३ सेंटिमीटर, तो ६० सेंटिमीटर मागे, जाडी १८. पोरांना पुठ्ठ्यावर काढायला लावा. सेसना १७२ चा पंख याच आकाराचा.

शब्दवेडी : वा, हे तर लेखात जसंच्या तसं घेते. आता विंड टनेल, म्हणजे पंखाची लहान प्रतिकृती आत ठेवून तिच्यावर जोराचा वारा सोडतात ते यंत्र. एका हिंदी पुस्तकात ‘पवन सुरंग’ आहे.

बोरूबहाद्दर : मराठी पोराला वाटेल, विमान उडवायला सुरुंग लावतात. ‘वातविवर’ आहे की. वात म्हटलं की गुडघे आठवतात हे खरं, पण वातकुक्कुट चालतो तर हाही चालेल.

ओझरकर : मी ‘हवेचा बोगदा’ म्हणालो असतो, पण ४६० च्या चाचण्या झाल्या तो बोगदा दोन्हीकडून उघडा नव्हताच. व्हर्जिनियात लँगलीला पोलादी टाकीत बंद केलेला, टाकी जहाजाच्या कारखान्यात बनवलेली. आत हवा वीस पट दाबाची. कारण प्रतिकृती लहान असते, आणि साध्या हवेत लहान पंखावरचे आकडे मोठ्याला लागू पडत नाहीत. हवा दाबून दाट केली की ती तूट भरून निघते.

शब्दवेडी : मग त्या यंत्राचं नाव ‘परिवर्ती घनता वातविवर’ होतं. सातवीतला मुलगा तिथेच पुस्तक मिटेल.

ओझरकर : ‘दाबाच्या हवेचं वातविवर’ लिहा. बाकीचं टाकीच्या चित्रात दिसेल.