मदत हवी आहे: वादीच्या साक्षीदाराचा उलटतपास राहिला, पुरावा पुन्हा खुला होईल का?

सातारकर_प्रतिवादी
वडिलांविरुद्ध साठेखतावरून (विक्रीच्या करारावरून) करारपूर्तीचा दावा तालुका न्यायालयात चालू आहे. वादीच्या मुख्य साक्षीदाराचा उलटतपास झालेला नाही आणि प्रकरण आता युक्तिवादावर ठेवले आहे. पुरावा पुन्हा खुला करण्याचा अधिकार न्यायालयाला असतो का आणि अर्ज कोणत्या कलमाखाली द्यायचा? तारीख तोंडावर आली आहे, कृपया लवकर सांगावे.

निशाणी_एक
‘झालेला नाही’ एवढ्यावरून काहीच सांगता येणार नाही. ‘नो क्रॉस’चा, म्हणजे उलटतपासाची संधी बंद केल्याचा आदेश झाला आहे, की उलटतपास झाला पण काही प्रश्न विचारायचे राहून गेले? ही दोन अगदी वेगळी प्रकरणे आहेत. त्या दिवशीच्या रोजनाम्यात (न्यायालयाच्या दैनंदिन नोंदीत) काय नोंद आहे आणि युक्तिवाद सुरू झाला आहे का, हे आधी कळवावे.

देशमुख_काका
कलम ३११ खाली अर्ज करा. माझ्या भाच्याच्या मारामारीच्या खटल्यात साक्षीदाराला त्याच कलमाने परत बोलावले होते.

निशाणी_एक
काका, फौजदारी प्रक्रिया संहितेचे ते कलम फौजदारी खटल्यांसाठी होते आणि 1 जुलै 2024 पासून त्याची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 348 ने घेतली आहे. येथे दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 18 नियम 17 आणि कलम 151 पाहावे लागेल. नियम 17 प्रामुख्याने न्यायालयाने स्वतःच्या शंकेचे निरसन करून घेण्यासाठी आहे. पक्षकाराला नव्याने पुरावा देऊ देणारा नियम 17अ 2002 मध्ये वगळला गेला, मात्र न्यायालयाचा कलम 151 खालील अंगभूत अधिकार त्यामुळे संपलेला नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2011 च्या वेलुसामी निकालात स्पष्ट केले. तो दावाही विक्रीच्या कराराच्या पूर्ततेचाच होता.

ताम्हण
तालुक्याला वेळ घालवण्यात अर्थ नाही, थेट उच्च न्यायालयात रिट दाखल करा. शिवाय बगाई कन्स्ट्रक्शन (2013) निकाल वाचला, तर असे अर्ज फेटाळलेच जातात हे लक्षात येईल.

निशाणी_एक
अर्जच केलेला नसताना रिट कोणत्या आदेशाविरुद्ध करणार? बगाई प्रकरणात वादीला त्याच्याजवळ आधीपासून असलेली कागदपत्रे युक्तिवाद संपल्यावर आणायची होती. ती स्वतःच्या पुराव्यातली उणीव भरून काढण्याची धडपड होती. समोरच्याचा साक्षीदार तपासण्याची संधीच न मिळणे, हा प्रश्न त्याहून निराळा आहे.

सातारकर_प्रतिवादी
‘नो क्रॉस’चाच आदेश आहे. आमचे वकील आजारी होते आणि मुदतीचा अर्ज नामंजूर झाला. त्याआधीच्या तारखांना तो साक्षीदार स्वतःच गैरहजर होता. साठेखतावर साक्षीदार म्हणून त्याची सही आहे आणि वडिलांनी आपल्यासमोर घरी सही केली असे त्याने सरतपासाच्या (वादीच्या बाजूने दिलेल्या मूळ साक्षीच्या) शपथपत्रात म्हटले आहे. त्या तारखेला वडील रुग्णालयात दाखल होते. डिस्चार्ज कार्ड दफ्तरी आहे. युक्तिवाद अद्याप सुरू झालेला नाही.

ज्ञानदा
लोकअदालतीत मिटवून घ्या, म्हणजे मनस्ताप वाचेल.

निशाणी_एक
वडिलांची सहीच नाकारली जात असेल, तर तडजोड कशावर करणार? सातारकर, खरे तर हीच माहिती पहिल्या प्रश्नात यायला हवी होती. कलम 151 खाली एकाच अर्जात ‘नो क्रॉस’चा आदेश रद्द करावा आणि त्या साक्षीदाराला केवळ उलटतपासासाठी परत बोलवावे, अशा दोन मागण्या करा. वकिलांचे वैद्यकीय प्रमाणपत्र आणि साक्षीदाराच्या गैरहजेरीच्या रोजनाम्यांच्या प्रमाणित प्रती जोडा. शपथपत्राचा तो परिच्छेद आणि डिस्चार्ज कार्डावरची तारीख यांतील विसंगती नेमकी मांडा, कारण या उलटतपासावाचून न्यायनिर्णय अपुरा राहील हेच न्यायालयाला पटवायचे आहे. न्यायालय ठरवील तो खर्च भरू आणि एकाच तारखेला उलटतपास पूर्ण करू, अशी हमीही लिहून द्या. अर्ज मंजूर करणे न्यायालयाच्या विवेकाधीन आहे आणि विलंब जितका वाढेल तितकी शक्यता कमी होते, म्हणून युक्तिवादाच्या तारखेची वाट न पाहता तो त्याआधीच दाखल करा. फेटाळला गेलाच, तर मग संविधानाच्या अनुच्छेद 227 खाली मुंबई उच्च न्यायालयात जाता येईल.