कोरियन मालिकेला मराठी सबटायटल: टीव्हीवर चौकोन का येतात?

जामसंडेकर: आईला कोरियन मालिका दाखवायची आहे. तिला इंग्रजी वाचता येत नाही, म्हणून इंग्रजी सबटायटलवरून मराठी एसआरटी फाईल (ओळी आणि त्यांच्या वेळा असलेली साधी मजकूर-फाईल) केली. लॅपटॉपवर ठीक दिसते, पण पेनड्राइव्ह टीव्हीला लावला की नुसते चौकोन. शिवाय सुरुवातीला जुळणाऱ्या ओळी तासाभराच्या भागाच्या शेवटी अडीचेक मिनिटं मागे पडतात. पावसात रेंज नसते, तेव्हा ऑनलाइनचा उपाय नको.

हर्णै बंदर: ही दोन वेगळी दुखणी आहेत. आधी फाईल नोटपॅडमध्ये उघडून 'सेव्ह ॲज'मध्ये एन्कोडिंग (अक्षरं साठवायची पद्धत) यूटीएफ-८ करा. तरी चौकोन आले तर टीव्हीत देवनागरी फाँटच नाही. काही टीव्हींत फाँट असतो, पण जोडाक्षरं फुटतात आणि ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या डावीकडे न येता उजवीकडे जाऊन बसते. ख्मेर (कंबोडियाची भाषा) सबटायटलचंही असंच होतं, वर त्या लिपीत शब्दांमध्ये जागा सोडत नाहीत, त्यामुळे ओळ कुठे तोडायची हेही प्लेअरला कळत नाही.

खात्रीचा उपाय म्हणजे अक्षरं चित्रातच छापणं. हँडब्रेक या व्हिडिओ बदलणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये व्हिडिओ घ्या, सबटायटल्समध्ये एसआरटी जोडा, कॅरेक्टर कोड यूटीएफ-८ ठेवा, 'बर्न इन'वर खूण करा आणि एमपी४ काढा. आधी दोन मिनिटांचा तुकडा काढून टीव्हीवर बघा. पेनड्राइव्ह फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेला असेल तर ४ जीबीपेक्षा मोठी फाईल त्यावर जाणार नाही.

मागे पडण्याचं कारण बहुतेक फ्रेमरेट, म्हणजे सेकंदाला किती चित्रं दिसतात तो आकडा. सबटायटल २३.९७६चं आणि व्हिडिओ २५चा असला की तासाला जवळपास अडीच मिनिटांचा फरक पडतो. नुसतं पुढे-मागे सरकवून ते जुळत नाही. 'सबटायटल एडिट' या सॉफ्टवेअरमध्ये 'चेंज फ्रेमरेट' घ्या, २३.९७६वरून २५ करा आणि मगच छापा.

वेळणेश्वर: इंग्रजीवरून मराठी केलंत, तिथे खरा तोटा आहे. वाक्याच्या शेवटी 'यो' ऐकू आला की बोलणारा सहसा मान राखून बोलतोय. पुढे कधीतरी तो 'यो' गळतो, म्हणजे जवळीक तरी झाली किंवा भांडण तरी. इंग्रजीत दोन्हीकडे 'यू'च. मराठीत अहो-जाहो आणि अरे-तुरे हाताशी असताना ते वाया घालवू नका. कानाने ऐकून प्रत्येक जोडीचं संबोधन आधी कागदावर लिहून घ्या. जेवणाची चौकशी तर आपल्यासारखीच आहे: 'बप मॉगॉस्सॉ?' म्हणजे 'जेवलास?', आणि शेवटी 'यो' असेल तर 'जेवलात का?'

जामसंडेकर: आणि 'ओप्पा'ला सगळीकडे दादा लिहिलंय, चालेल?

वेळणेश्वर: नाही! सख्ख्या भावाला चालेल. पण मुली वयाने मोठ्या प्रियकरालाही ओप्पाच म्हणतात, तिथे दादा लिहिलंत तर आई पहिल्याच प्रेमप्रसंगात टीव्ही बंद करतील. तिथे सरळ नाव घाला. नवरा-बायको एकमेकांना म्हणतात ते 'योबो' मात्र बायकोच्या तोंडी 'अहो', नवऱ्याच्या तोंडी 'अगं'. आणि एका वेळी दोनच ओळी ठेवा, चष्मा लावून वाचणाऱ्याला तिसरी पुरी होत नाही.