पहिला व्यावसायिक करार: मोठ्या क्लबचं बाक की छोट्या क्लबची नऊ नंबरची जर्सी?

नऊनंबरी

१८ वर्षं पूर्ण झालेली फुटबॉलमधली सेंटर फॉरवर्ड (नऊ नंबरची, म्हणजे सर्वांत पुढे खेळून गोल करणारी) अकादमीतून बाहेर पडतेय आणि तिच्यासमोर दोन प्रस्ताव आहेत. पहिला वरच्या लीगमधल्या क्लबचा: ३ वर्षांचा करार, वर आणखी एक वर्ष वाढवायचा हक्क फक्त क्लबकडे. तिथे दोन मुरलेल्या स्ट्रायकर आधीच आहेत. दुसरा खालच्या लीगचा: २ वर्षं, पगार जवळपास निम्मा, पण पहिल्या अकरात खेळवू असं तोंडी सांगितलंय. मागच्या मोसमात २२ सामने, १५४० मिनिटं, १४ गोल, त्यातले ५ पेनल्टीचे. वेग चांगला, डावा पाय कच्चा.

निवड कशाच्या जोरावर करायची? करारात काय बघायचं? आणि गुडघ्याची भीती सगळेच घालतात, त्यावर नेमकं करायचं काय?

हाफस्पेस

आधी पेनल्ट्या बाजूला काढा. पेनल्टी साधारण चारातल्या तीन वेळा आत जाते, त्यावरून स्ट्रायकर कळत नाही. उरले ९ गोल १५४० मिनिटांत, म्हणजे दर ९० मिनिटांना ०.५३. आकडा चांगला आहे. पण स्काउट त्याच्याही मागे जातो: दर ९० मिनिटांत पेनल्टी बॉक्सच्या (गोलसमोरच्या चौकटीच्या) आतून किती फटके आणि बॉक्समध्ये किती टच? गोल एखाद्या मोसमात आटतात. फटक्यांची जागा चांगली असेल तर ते परत येतात. लांबून मारलेल्या फटक्यांतून नऊ गोल झाले असतील तर पुढच्या वर्षी तेवढे होतील अशी आशा धरू नका.

आता मिनिटांचं गणित. मोठ्या क्लबात २० सामन्यांत शेवटची १५ मिनिटं मिळाली तर झाली ३०० मिनिटं, म्हणजे जेमतेम सव्वातीन पूर्ण सामने. १८ ते २१ ही वर्षं अशी घालवणं मला पटत नाही. सेंटर बॅकच्या (मधल्या बचावपटूच्या) नजरेआड कधी सरकायचं, पहिल्या पोस्टकडे धाव कधी टाकायची, हे सरावात अर्धंच येतं. समोर खरी बचावपटू चुकायला लावत असते तेव्हाच ते अंगी मुरतं.

तरी फक्त लीग बघून ठरवू नका. दोन्ही क्लबांचे प्रत्येकी चार पूर्ण सामने बघा. चेंडू जिंकल्यावर मिडफिल्डर पहिला पास पुढे, बचावफळीच्या मागे टाकतात की आडवा? ही मुलगी वेगवान आहे. सगळे पास पायात देणाऱ्या संघात तिचा वेग वायाच जाणार.

डाव्या पायासाठी आठवड्यात तीनदा, सरावाच्या सुरुवातीला, २०-२५ फटके पुरे. शेवटी दमल्यावर शंभर मारत बसू नका. एंडलाइनकडून मागे येणारा चेंडू, एका टचमध्ये, लांबच्या पोस्टकडे जमिनीलगत. चेंडू वर जात असेल तर बहुतेकदा टेकूचा पाय चेंडूच्या मागे राहिलेला असतो आणि अंग मागे कललेलं असतं. टेकूचा पाय चेंडूच्या बाजूला आणा, छाती चेंडूवर आणा. ताकद नंतर.

कलमवाचक

पगाराच्या आकड्याआधी ते वाढीव वर्ष बघा. फिफाच्या नियमांप्रमाणे करार संपायला सहा महिने उरले की खेळाडू दुसऱ्या क्लबशी करार करू शकते. एकतर्फी वाढीचा हक्क क्लबने अगदी शेवटच्या आठवड्यात वापरला तर ही मुभा कागदावरच राहते, कारण तोवर कोणताही नवा क्लब ठाम बोलत नाही. म्हणून दोन गोष्टी लिहून घ्या: हक्क वापरायची शेवटची तारीख, ती सहा महिन्यांच्या खिडकीआधीची, आणि त्या वर्षाचा वाढीव पगार, आकड्यासकट.

'पहिल्या अकरात खेळवू' हे कोणताही क्लब लिहून देणार नाही, तो हट्ट धरू नका. मागायचं ते असं: मोसमात ठरावीक मिनिटांपेक्षा कमी खेळवलं, समजा ९००, तर मोसमाअखेर लोनवर (तात्पुरतं दुसऱ्या क्लबात) किंवा ठरलेल्या रकमेत जायचा हक्क तिचा. मोठ्या क्लबने हे मान्य केलं आणि पहिल्याच वर्षी लोन द्यायला तयार झाला, तर तो तिसरा पर्याय दोन्हींपेक्षा बरा.

बोनसच्या कलमात शब्द मोजून वाचा. 'सामना खेळली' म्हणजे सुरुवात केली, ६० मिनिटं खेळली, की नुसती मैदानात उतरली? गोल फक्त लीगचे की कपचेही? स्ट्रायकरचे सर्वाधिक वाद इथेच होतात.

बाकी थोडक्यात. पगाराची तारीख करारात हवी. दोन महिन्यांचे पगार थकले, लेखी नोटीस देऊन १५ दिवसांची मुदत दिली आणि तरी पैसे आले नाहीत, तर करार मोडायला फिफाच्या नियमांत वैध कारण मिळतं. मात्र नोटीस न देता निघून गेली तर तीच दोषी ठरू शकते. करार वैध ठरण्यासाठी वैद्यकीय चाचणीची अट घालता येत नाही, चाचणी सहीच्या आधी उरकायची असते. दुखापतीत शस्त्रक्रियेआधी दुसऱ्या डॉक्टरांचं मत घ्यायचा हक्क आणि त्याचा खर्च कोणाकडे, हेही लिहून घ्या. सही करण्याआधी क्लबशी संबंध नसलेल्या वकिलाला करार दाखवाच, कारण कामगार कायदा देशागणिक बदलतो.

टेपआणिबर्फ

गुडघ्याबद्दल. महिला खेळाडूंत एसीएल (गुडघ्याच्या आतला मुख्य अस्थिबंध) फाटण्याचं प्रमाण पुरुषांपेक्षा स्पष्टपणे जास्त आहे आणि बऱ्याचदा कोणी धडकलेलंही नसतं. प्रेस करताना (चेंडू हिसकायला अंगावर धावताना) अचानक दिशा बदलणं, एका पायावर उतरणं, गुडघा आत झुकणं. फॉरवर्ड हे प्रत्येक सामन्यात कितीतरी वेळा करते.

उपाय कंटाळवाणा आहे पण चालतो: फिफा ११+ वॉर्मअप. सुमारे २० मिनिटं, १५ व्यायाम: ८ मिनिटं हळू धावणं, १० मिनिटं ताकद, उड्या आणि तोल, शेवटी २ मिनिटं वेगात धावून दिशा बदलणं. आठवड्यात किमान दोनदा. फसतं कुठे? उड्या उरकल्या जातात. उतरताना गुडघा पायाच्या बोटांच्या रेषेत आहे का हे कोणीतरी समोर उभं राहून बघायलाच हवं, नाहीतर चुकीचीच सवय पक्की होते. नॉर्डिक हॅमस्ट्रिंग (गुडघ्यांवर बसून, घोटे धरलेले असताना हळूहळू पुढे झुकायचा व्यायाम) ३ ते ५ पासून सुरू करा. पहिल्याच दिवशी १२ केले तर दोन दिवस नीट धावता येणार नाही.

फाटलंच, तर शस्त्रक्रियेनंतर ९ महिन्यांच्या आत सामना नको, आणि मांडीची ताकद व एका पायाची उडी निरोगी पायाच्या किमान ९० टक्के हवी. नुसतं कॅलेंडर बघून परतू नये. इंग्लंडची फॉरवर्ड बेथ मीड नोव्हेंबर २०२२ मध्ये एसीएल फाटून पडली, २०२३ चा विश्वचषक हुकला, ऑक्टोबरमध्ये परतली. नॉर्वेची स्ट्रायकर आडा हेगरबर्ग, तिला जानेवारी २०२० च्या दुखापतीनंतर परतायला ऑक्टोबर २०२१ उजाडला. दुखापत तीच, वेळ जवळपास दुप्पट.

नऊनंबरी

लोनचं आणि ९०० मिनिटांचं कलम मागतो. आणखी एक: कोच तिला विंगवर (मैदानाच्या कडेला), कधी विंग बॅक (कडेची बचावपटू) म्हणूनही बघतोय. नकार द्यावा का?

हाफस्पेस

देऊ नये. रेचल डॅली २०२२ च्या युरोत इंग्लंडची लेफ्ट बॅक होती, सहाही सामन्यांत सुरुवातीपासून. लगेचच्या मोसमात ॲस्टन व्हिलासाठी पुढे खेळून तिने लीगमध्ये २२ गोल केले. विंगवरची मिनिटं ही मिनिटंच असतात, आणि क्रॉस देणारीला काय दिसतं हे स्ट्रायकरला त्यातूनच कळतं. फक्त पेनल्टी बॉक्समधला सराव सोडू नये, आणि मोसमाच्या शेवटी क्लबशी जागेबद्दल स्पष्ट बोलावं.

वेग तिशीच्या आसपास उतरायला लागतो, तेव्हा खाली येऊन खेळता येणं कामाला येतं. क्रिस्टीन सिंक्लेअरने कॅनडासाठी १९० गोल केले, पण शेवटची बरीच वर्षं ती अगदी पुढे नव्हे तर नऊ नंबरच्या मागे खेळत होती. विशीतच पाठीवर बचावपटू घेऊन चेंडू धरणं आणि अर्धवट वळून पास देणं शिकलं तर हा बदल सोपा जातो.

कलमवाचक

दीर्घ पल्ल्याचं एक कलम राहिलं. २०२१ पासून फिफाच्या नियमांत बाळंतपणाची किमान १४ आठवड्यांची रजा आहे, त्यातले ८ जन्मानंतरचे, आणि या काळात करारातल्या पगाराचा किमान दोन तृतीयांश भाग. गरोदरपणाच्या कारणाने करार मोडता येत नाही. करारात किंवा देशाच्या कायद्यात याहून जास्त असेल तर ते लागू होतं, म्हणून क्लबचा मसुदा यापेक्षा खाली जात नाही ना ते बघा. बुटांच्या कंपनीचा करार वेगळा असतो. त्यात दुखापत किंवा गरोदरपणात पैसे कापायचं कलम असेल तर ते काढून टाकायला सांगा. ॲलेक्स मॉर्गनला मे २०२० मध्ये मुलगी झाली आणि २०२२ मध्ये १५ गोल करून ती अमेरिकेच्या लीगची सर्वाधिक गोल करणारी ठरली. अशा परतीसाठी रजेनंतर क्लबचा फिजिओ आणि प्रवासात बाळाची सोय, या दोन ओळी आधीच करारात असाव्यात. १८ व्या वर्षी त्या लांबच्या वाटतात, तरी पहिल्याच मसुद्यात मागा. नंतरच्या प्रत्येक करारात मग तिथूनच बोलणी सुरू होतात.