‘ऑथेंटिक’ माणसाला मराठीत काय म्हणावं?

रविवार कारंजा: कर्मचाऱ्यांच्या प्रशिक्षण-पुस्तिकेत ‘बी युवर ऑथेंटिक सेल्फ’चं मराठी ‘तुमचे अस्सल स्व व्हा’ असं केलंय. खटकतं. पण ‘ऑथेंटिक’ हा शब्द आता टळत नाही. मेरियम-वेब्स्टर कोशाने २०२३ चा शब्द म्हणून तोच निवडला होता. काय वापरावं?

येवलेकर: अस्सल हा अरबी ‘अस्ल’वरून, म्हणजे मूळ. आपल्याकडे तो दप्तरात रुळला: अस्सल कागद आणि त्याची नक्कल. त्यामुळे अस्सल म्हटलं की पारखायची काहीतरी रीत लागते. पैठणीचा पदर उलटा करून बघतात. हातमागावर मोराचा एकेक रंग वेगळ्या कांडीच्या धाग्याने, तेवढ्याच जागेत भरतात. म्हणून उलटी बाजू सुलटीसारखीच दिसते. मागे या बुट्टीपासून त्या बुट्टीपर्यंत मोकळे धागे गेलेले असतील, तर ती यंत्रमागाची सेमी पैठणी. माणसाच्या ‘स्व’ला अशी पारख लावता येत नाही.

पंचवटी: येवलेकर, पारखीपेक्षा मोठी अडचण अर्थाच्या दिशेची आहे. अस्सल नाशिककर कोण? जो गोदावरीला गंगा म्हणतो, ‘गंगेवर जाऊन येतो’ म्हणतो. ज्याच्यात इथलं सगळं उतरलंय तो. अस्सल माणूस आपल्या गोतावळ्याचा नमुना असतो. ऑथेंटिक सेल्फला नेमकं उलट हवंय, चारचौघांच्या साच्यातून बाहेर पडणं. शिवाय अस्सलमध्ये सद्गुण गृहीत नाही. ‘अस्सल लबाड’ हे उत्तम मराठी आहे!

जर्मन तत्त्वज्ञ हायडेगरने १९२७ मध्ये ‘ऑथेंटिक’ असण्यासाठी वापरलेला जर्मन शब्द ‘आयगन’, म्हणजे स्वतःचं, यावरून केलेला आहे. तत्त्वज्ञानाच्या लेखात त्याला ‘स्वत्व’ जवळचा वाटेल, पण जपून. मराठीत स्वत्व गमावतात, जपतात. त्यात स्वाभिमान मिसळलेला आहे.

रविवार कारंजा: मग ‘प्रामाणिक’?

पंचवटी: पुस्तिकेत तर नकोच. ‘कामावर प्रामाणिक राहा’ वाचून कर्मचाऱ्याला वाटेल, चोरी करू नका असं सांगताहेत. इंग्रजी शब्द बाजूला ठेवून आधी नाम बघा. बोलणं असेल तर प्रांजळ, माणूस असेल तर सच्चा, तूप असेल तर निर्भेळ. एकच शब्द सगळीकडे बसवायला गेलं की ‘अस्सल स्व’ जन्माला येतो.

येवलेकर: पटलं. तुमच्या वाक्याला विशेषणाचीही गरज नाही: ‘आहात तसे वागा’. ‘राहा’ मात्र लिहू नका, त्यातून ‘बदलू नका’ असा अर्थ निघतो.